वास्तव बदलणारं काल्पनिक वाद्य: अनुनादाचे नियम पाळायचे की नाही?

(कंपनांक, तरफ आणि पितळी पत्रा या टोपणनावांनी लिहिणाऱ्या तिघांची चर्चा)

कंपनांक
सूर लावला की भिंत विरघळते, तार छेडली की दगड तरंगतो, असं वाद्य कथेत आणायचं असेल तर लेखकानं एकच सूट घ्यावी: आवाजाच्या ताकदीची. बाकी सगळं अनुनादावर चालू द्यावं. वाद्य वस्तूला हुकूम सोडत नाही, वस्तूचा स्वतःचा सूर हुडकून तिलाच परत ऐकवतं.

यातून वादकाची सगळी कृती आपोआप ठरते. समजा, काचेचा पेला फोडायचा आहे. आधी टिचकी मारून त्याचा सूर ऐकायचा. धरू ६०० हर्ट्झ. चांगल्या काचेचा गुणांक (कंपन किती टिकतं याचं माप) ६०० धरला तर तिला हलवणारा पट्टा जेमतेम १ हर्ट्झचा, म्हणजे साधारण ३ सेंट (एका अर्धस्वराचे १०० सेंट). सूर तेवढ्यात बसायला हवा आणि हलला नाही पाहिजे, कारण कंपनं साठायला अर्धा-एक सेकंद लागतो. आता हवा एका अंशानं तापली की बासरीसारखं फुंकवाद्य तेवढेच ३ सेंट चढतं. निशाणा हुकला! पेल्यात पाणी ओतलं तर त्याचा सूर उतरतो, काठाला मेणाचा गोळा चिकटवला तरी उतरतो. वाद्यापासून बचाव कसा करायचा, हेही इथेच मिळालं.

तरफ
पूर्ण असहमत. ताकदीची सूट घेतली की तुमचा हिशेबच उरत नाही. १२० डेसिबलला कान दुखतात, आणि त्या आवाजात एका चौरस मीटरमधून जाणारी शक्ती असते फक्त १ वॅट. १६० डेसिबलला ती १०,००० वॅट होते. तोवर वादकाचे कान गेलेले असतात. शिवाय पेला गुणी आहे, भिंत नाही. चुन्याविटांच्या भिंतीत कंपन लगेच जिरतं, गुणांक २५ च्या आसपास. तुमच्या नियमानं हे वाद्य पेले फोडत बसेल, वास्तव बदलणार नाही.

माझ्या मते नियम जोराचा नको, आकृतीचा हवा. जर्मन शास्त्रज्ञ क्लाड्नीनं १७८७ मध्ये कंप पावणाऱ्या पत्र्यावर उमटणाऱ्या वाळूच्या आकृत्या प्रसिद्ध केल्या. पत्रा तोच, वाळू तीच. बोट कुठे टेकवलं आणि व्हायोलिनचा गज कडेवर कुठे ओढला, एवढ्यानं आकृती बदलते. वादकाचं बोट जिथे टेकेल तिथलं वास्तव स्थिर राहील, बाकीचं हलेल. मला यात खरं नाट्य दिसतं.

पितळी पत्रा
आकृतीचा नियम घ्यायचा तर तो प्रयोग नीट माहीत हवा, नाहीतर वर्णन खोटं वाटतं.

२४ सेंटीमीटर चौरस, २ मिलिमीटर जाड पितळी पत्रा, मधोमध स्क्रूनं आवळलेला. कडा कानशीनं गुळगुळीत केलेल्या, नाहीतर गजाचे केस तुटतात. गजाला राळ भरपूर लावायची आणि तो कडेवर उभा, पत्र्याला काटकोनात ओढायचा. वाळू कोरडी, चाळलेली, चिमटीनं विरळ पसरलेली. दमट वाळू चिकटते, जास्त झाली तर रेषा जाड आणि पुसट येतात. स्क्रू सैल असेल तर सुराऐवजी खरखर ऐकू येते.

बोट एका बाजूच्या मध्यावर आणि गज कोपऱ्याशी ठेवला तर अधिकचं चिन्ह उमटतं. बोट कोपऱ्यावर आणि गज बाजूच्या मध्यावर नेला तर फुली, आणि सूर पहिल्याच्या जवळजवळ दीडपट. पहिला सूर ८० हर्ट्झच्या आसपास असतो. हाच पत्रा सगळ्या बाजूंनी शंभरपट केला, २४ मीटर लांब-रुंद आणि २० सेंटीमीटर जाड, तर सूर शंभरपट उतरतो, १ हर्ट्झच्याही खाली. म्हणजे गावाएवढी आकृती काढणारं वाद्य ऐकूच येणार नाही, पायांना जाणवेल.

आणखी एक. वाळू स्थिर रेषांवर जमते, पण अतिबारीक भुकटी उलट सर्वाधिक हलणाऱ्या जागी गोळा होते. फॅरेडेनं १८३१ मध्ये कारण दाखवलं: पत्र्यावर उठणारे हवेचे बारीक प्रवाह. निर्वातात भुकटीही वाळूसारखीच वागते. एकाच सुरानं खडे आणि धूळ उलट्या आकृत्या काढतात, हे कथेत कुणी वापरत कसं नाही?

कंपनांक
बोटाची कल्पना मान्य, भिंतीचा मुद्दाही मान्य. पण अनुनाद सोडला तरी तरंगलांबी सोडता येत नाही. आवाजानं वस्तू हवेत धरणारं ७२ स्पीकरांचं एक उपकरण २०१७ मध्ये प्रसिद्ध झालं. ते ४० किलोहर्ट्झवर चालतं, त्यामुळे वस्तू अडकायच्या जागा ४.३ मिलिमीटर अंतरावर येतात आणि उचलली जाते ती फार तर ४ मिलिमीटरची गोळी. वीतभर वीट उचलायची तर ७०० हर्ट्झपर्यंत उतरावं लागेल, आणि तो सूर सगळ्यांना ऐकू येतो. किडा गुपचूप उचलता येईल, वीट नाही. ही मर्यादा काढून टाकली तर वादकाला काहीच अशक्य राहत नाही.

तरफ
मर्यादा हवीच, पण ती वस्तूत बदल करून ओलांडता यायला हवी. तबला बघा. साध्या गोल कातड्याचे सूर १, १.५९, २.१४ असे बेसूर पटीत येतात. मधोमध शाई, म्हणजे काळा लेप, लावली की ते पूर्ण पटींच्या जवळ येतात. शास्त्रज्ञ सी. व्ही. रामन यांनी १९२० मध्ये हे मांडलं. तेव्हा कथेतल्या वादकानं आधी भिंतीला शाई लावावी, मग वाजवावं.

पितळी पत्रा
हे चालेल, पण जागा चुकली तर मेहनत वाया. वजन सर्वाधिक हलणाऱ्या जागी लावलं तर सूर उतरतो, स्थिर रेषेवर लावलं तर जवळजवळ काहीच होत नाही. म्हणून आधी वाळू टाकून रेषा पाहायच्या. आणि एकच जाड थर नको. तबल्याची शाई पातळ थरांनी चढवतात आणि दगडानं घोटून तिला बारीक भेगा पाडतात, म्हणून ती कातड्याबरोबर हलते. भेगा नसतील तर ती कातडं ताठ करते आणि आवाज मरतो. भिंतीवरही तेच होईल.