सेकिगाहारानंतर शिमाझू घराणे कसे टिकले?

प्रश्न: १६०० मध्ये जपानमधील सेकिगाहाराच्या लढाईत पराभूत पक्षात असूनही सात्सुमाच्या शिमाझू सरदार घराण्याचा मुलूख लढाई जिंकलेल्या तोकुगावा इएयासूने का हिरावून घेतला नाही?

प्रतिसाद १: सात्सुमा जिथे आहे त्या क्यूशू बेटाच्या दक्षिण टोकावर स्वारी करणे अवघड होतेच, शिवाय लढाईत शिमाझूंचे नेतृत्व करणाऱ्या योशिहिरोने मागे न वळता शत्रूच्या फळीतूनच वाट काढली, त्याची माघार सुरक्षित व्हावी म्हणून मागे थांबलेले सैनिक मरेपर्यंत झुंजले आणि त्यांत त्याचा पुतण्या तोयोहिसाही पडला, हे इएयासूच्या सरदारांनी डोळ्यांनी पाहिले होते.

प्रतिसाद २: माझ्या मते वाटाघाटीच निर्णायक ठरल्या. योशिहिरोचा थोरला भाऊ योशिहिसा लढाईत नव्हता. त्याने घाई न करता बोलणी लांबवली आणि १६०२ मध्ये मुलूख कायम झाला.

प्रतिसाद ३: पुढे १६०९ मध्ये शोगुनच्या (जपानच्या लष्करी शासकाच्या) परवानगीने शिमाझूंनी र्‍युक्यूचे (आजच्या ओकिनावा बेटांवरचे) राज्य अंकित केले. १८६८ मध्ये तोकुगावांची सत्ता उलथवण्यात चोशू या दुसऱ्या संस्थानाबरोबर सात्सुमाच अग्रभागी होते.