मेंढ्या घटल्या, पण मांस तितके घटले नाही

न्यूझीलंडमधील मेंढ्या १९८२ च्या सुमारे ७ कोटींवरून अडीच कोटींच्या खाली आल्या, म्हणून कोकराच्या मांसाचे उत्पादनही तेवढेच कोसळले असणार, असा निष्कर्ष काही जण काढतात; तो मला पटत नाही. १९८४ नंतर बंद झालेली अनुदाने आणि कुरणांवर पसरलेला दुग्धव्यवसाय ही मेंढ्या घटण्याची कारणे योग्यच आहेत. परंतु जुळ्यांचे प्रमाण वाढल्याने शंभर मेंढ्यांमागे जिथे साधारण शंभर कोकरे मिळत, तिथे आता १२५ हून अधिक मिळतात, आणि सोललेल्या कोकराचे सरासरी वजन १४ किलोंच्या आसपास होते ते १८-१९ किलोंवर गेले आहे.

वाशीत मी जिथून मटण घेतो, तिथे मात्र गिऱ्हाईक सात-आठ किलोंचा कोवळा बोकडच मागते. वजन वाढवण्याला आपल्याकडे भावच मिळत नाही, याची मला खरोखर खंत वाटते.