'बेखमीर भाकर': भाकरीत खमीर असतं कधी?

चेंदणी, ठाणे:
मराठी बायबलात 'बेखमीर भाकर' येते. ज्वारी, नाचणी, तांदूळ, आपल्या कुठल्याच भाकरीत खमीर नसतं. मग 'बेखमीर' कशाला सांगायचं? शब्दच चुकलाय का?

ऐरोली:
शब्द बरोबर आहे, फक्त बायबलच्या मुलखातली रोजची भाकर आंबवलेली असे. आधीच्या कणकेचा गोळा राखून नव्या पिठात मिसळायचा, तेच खमीर. प्राचीन इजिप्तच्या थडग्यांत वाळलेल्या रोट्या मिळाल्यात आणि तपासणीत त्यांत यीस्ट दिसलंय. इजिप्तमधून घाईने निघालेल्या इस्राएली लोकांना पीठ फुगू द्यायला सवड मिळाली नाही, ही बायबलच्या 'निर्गम' या पुस्तकातली हकीकत त्या पार्श्वभूमीवर वाचावी. उत्खननांत मातीच्या नळकांडी भट्ट्याही सापडतात. तळाशी विस्तव, आतल्या भिंतीला थापलेली रोटी. हिब्रूत त्या भट्टीला 'तन्नूर' म्हणतात. आपला 'तंदूर' त्याच कुळातला. बायबलातल्याच 'लेवीय'च्या दुसऱ्या अध्यायात मात्र भट्टी, तवा आणि कढई अशा तिन्ही तऱ्हा आहेत, म्हणजे तव्यावरचीही होतीच.

वाशी:
मग सरळ 'रोटी' म्हणा की.

ऐरोली:
नको. योहानाच्या शुभवर्तमानात एका मुलाजवळ पाच भाकरी आहेत, त्या जवाच्या. जवात ग्लूटेन कमी, त्यामुळे खमीर घातलं तरी ती गव्हासारखी फुगत नाही, जाड आणि घट्ट राहते. शलमोन राजाच्या घोड्यांना जव घालत असा उल्लेख 'पहिले राजे'मध्ये आहे, आणि गरिबाच्या ताटातही तोच. गालीलमधली जाती आपल्यासारखीच काळ्या बेसाल्टची. हे सगळं 'रोटी'त येत नाही, 'भाकरी'त येतं. मला तरी हा शब्द निवडणाऱ्यांचं फार कौतुक वाटतं.

टेंभी नाका, ठाणे:
इथे 1879 सालचं सिनेगॉग, म्हणजे ज्यूंचं प्रार्थनास्थळ आहे, इथली बेने इस्राएल ही ज्यू मंडळी पिढ्यान्‌पिढ्या मराठी बोलतात. इजिप्तमधून सुटल्याच्या आठवणीच्या वल्हांडण सणाला खातात त्या बेखमीर भाकरीचा ज्यू नियम असा, की पिठाला पाणी लागल्यापासून 18 मिनिटांच्या आत ती भाजून व्हायला हवी. आणि ती गहू, जव, राय, ओट अशा ठरावीक पाच धान्यांचीच लागते, म्हणजे जी आंबून फुगू शकतात त्यांची. ज्वारी-तांदळाची चालत नाही. चेंदणीकर, तुमच्या प्रश्नाचं उत्तर यात आहे: जे फुगू शकतं, त्यालाच 'बेखमीर' म्हणायचं.

चेंदणी, ठाणे:
पटलं. म्हणजे आपल्या ज्वारीच्या भाकरीला 'बेखमीर' हे विशेषण लागूच पडत नाही.