पेपेच्या आधीचा कार्व्हाल्यो

पोर्तुगालचा सर्वोत्तम फुटबॉल बचावपटू कोण, या चर्चेत पेपेच, असा बहुतेकांचा सूर आहे. पेपे मलाही आवडतो, पण रिकार्दो कार्व्हाल्योचं नावही कुणी घेऊ नये याचं वाईट वाटलं.

पोर्तो या त्याच्या पोर्तुगीज क्लबने सुरुवातीला त्याला लेसा, सेतुबाल, अल्वेर्का या दुसऱ्या क्लबांकडे उसनं धाडलं होतं. मोरिन्यो प्रशिक्षक म्हणून आले आणि २००३ चा युएफा कप, २००४ ची चॅम्पियन्स लीग असे लागोपाठ दोन युरोपीय करंडक आले. मग त्यांच्याच मागोमाग तो इंग्लंडच्या चेल्सीत गेला. २००४-०५ च्या मोसमात चेल्सीने ३८ सामन्यांत फक्त १५ गोल खाल्ले! श्रेय बचावपटू टेरी आणि गोलरक्षक चेकला मिळतं, ते योग्यच. पण पास कुठे येणार हे आधीच ओळखून पुढे सरसावणारा कार्व्हाल्यो होता. धसमुसळेपणा न करता चेंडू अलगद काढून घ्यायचा. असा बचाव बघताना मला गोलपेक्षाही जास्त आनंद होतो.

पुढे रेआल माद्रिदमध्ये तो पेपेच्याच शेजारी खेळला. २०११ मध्ये राष्ट्रीय संघाचं शिबिर सोडून गेला, ते मात्र चुकलंच त्याचं. तरी परतला, आणि २०१६ च्या युरोत (युरोपीय देशांच्या स्पर्धेत) अडतिसाव्या वर्षी साखळीतले तिन्ही सामने खेळला. बाद फेरीपासून त्याची जागा दुसरा बचावपटू फोंतेला मिळाली, म्हणून पोर्तुगालच्या त्या विजेतेपदाच्या आठवणींत तो दिसत नाही. पेपेवर लिहिणाऱ्यांनी कार्व्हाल्योचे पोर्तो आणि चेल्सीचे जुने सामने जरूर बघावेत.