राजारामपुरीची खोली: कार्पेटचं माप (गुरुवारपर्यंत उत्तर हवं)

मिलिंद, मंगळवार, कोल्हापूरहून

मंडळी,

शुक्रवारी रात्री मी महालक्ष्मीने मुंबईला निघतोय. त्याच्या आत, आप्पांनी आपल्या मंडळाला वापरायला दिलेल्या गाण्या-तबल्याच्या खोलीत घालायच्या कार्पेटचा निकाल लावायचा आहे.

नंदूकाकांनी मार्चमध्ये पाठवलेलं माप १५ फूट बाय साडेबारा फूट. विद्याने त्यावर १८८ चौरस फुटांचे पैसे मंजूर केले. काल मी टेप लावला तर ४.५० मीटर बाय ३.७५ मीटर भरलं. म्हणजे १४ फूट ९ इंच बाय १२ फूट साडेतीन इंच आणि वर थोडं. तीनदा मोजलं, तेच येतंय.

लक्ष्मीपुरीतल्या दुकानात जाऊन आलो. मरून रंगाचा पन्हा बारा फुटी, करड्या रंगाचा चार मीटरी. मरून सगळ्यांना आवडलेला, पण काकांचं माप धरा नाहीतर माझं, बारा फुटी पन्हा खोलीला पुरत नाही. दुकानदार म्हणाला, ‘तीन इंचाचं काय घेऊन बसलाय सायेब, जोड देतो की, दिसणारबी न्हाई.’ देऊ दे का?

आणि काका, तुम्ही कसं मोजलं होतं ते कळवा. बिलाच्या वेळी तो प्रश्न येणार.

नंदूकाका, मंगळवार

कसं मोजलं म्हणजे? फरश्या मोजल्या. दहा इंची मोझॅक हाय. लांबीला १८, रुंदीला १५. अठरा दाहे एकशेऐंशी इंच, झाले पंधरा फूट. पंधरा दाहे दीडशे, झाले साडेबारा. ह्यात चुकायला जागा कुठं हाय ते सांग.

तुझ्या टेपचं हुकच हलतंय. परवा चहाला आलावतास तवाच बघितलं मी. असल्या टेपनं तीनदा मोज नाहीतर तीसदा. राजारामपुरीत हार्डवेअरची दुकानं काय कमी हायत? नवा घे.

किल्ली शुक्रवारच्या आत माझ्याकडं. मागच्या खेपेला कोणी नेली आणि कुठनं परत आली ते सगळ्यांना माहीत हाय, मी नाव घेत नाही.

प्रशांत, मंगळवार

हुक हलतं ते हलायलाच हवं, काका. ते स्वतःच्या जाडीइतकंच मागेपुढे सरकतं. फळीच्या कडेला अडकवून ओढलं की बाहेर येतं, भिंतीला टेकवून दाबलं की आत जातं. म्हणून दोन्ही मापं बरोबर येतात. आमच्या बाबांनी ते ‘सैल झालंय’ म्हणून हातोडीने ठोकून घट्ट केलं होतं. त्यानंतर घरातलं प्रत्येक फडताळ सूतभर (इंचाचा आठवा भाग) चुकलं आणि बोलणी सुताराला बसली.

फरशीचं म्हणाल तर ‘दहा इंची’ हे बाजारातलं नाव. असते ती २५ सेंटिमीटरची, दहा इंचाला चार मिलिमीटर कमी. १८ फरश्यांत सात सेंटिमीटर गेले, १५ मध्ये सहा. मिलिंदचं माप आणि तुमचं माप यांत नेमका तेवढाच फरक आहे. तुम्ही फरश्या बरोबर मोजल्या, फक्त एक फरशी मोजायची राहिली.

मिलिंद, नुसत्या लांबी-रुंदीवर दुकानात जाऊ नकोस. तीन गोष्टी बघ. कर्ण दोन्ही मोज, खोली गुण्यात (म्हणजे कोपरे काटकोनात) आहे का ते कळेल. माप जमिनीलगत, स्कर्टिंगपासून स्कर्टिंगपर्यंत घे, छातीच्या उंचीवर नको. आणि दाराखाली किती फट आहे?

अजित, मंगळवार, न्यू जर्सी

इकडे बहुतेक कार्पेट बारा फुटीच येतं आणि सगळीकडे जोड असतात. कोणी मरत नाही. आमच्या बेसमेंटला तीन जोड आहेत. मरून घ्या.

विद्या, मंगळवार

अजित, तू इथून जाऊन सहा वर्षं झाली. वर्गणी थांबली, सल्ले चालू आहेत. (प्रेमाने म्हणतेय.)

जोडाचे पैसे वेगळे पडणार का, एवढंच कोणीतरी सांगा.

सुलभाकाकू, बुधवार

स. न. वि. वि.

या खोलीत कार्पेट घालायचं हे कधी ठरलं? मार्चच्या सभेला मी गुडघ्यामुळे आले नव्हते. आप्पांनी ती खोली मंडळाला वापरायला दिली, त्यात मी कधी लुडबुड केलेली नाही. पण ते मोझॅक माझं लग्न झालं त्या वर्षी घातलेलं आहे. आठ दिवस घासणारा माणूस पाण्यात उभा होता, सगळं घर पांढऱ्या चिखलाने भरलं होतं. त्यावर आता खिळे ठोकणार का?

शिवाय तुम्ही सगळे दार विसरलात. दाराची चौकट बोळाच्या अंगाला आहे, खोलीच्या अंगाला नाही. भिंत जाड आहे. दार लावलं की आतल्या बाजूला चार-पाच इंच फरशी उरते, तिथे आप्पा छत्री ठेवायचे. तेवढा भाग उघडा राहिला तर बोळातून येणाऱ्याला पहिलं तेच दिसेल.

मिलिंद, बुधवार

काकू, अगदी बरोबर. आज पुन्हा गेलो. दाराच्या खाचेत साडेबारा सेंटिमीटर फरशी आहे आणि ती लांबीच्या बाजूला आहे. म्हणजे ४.५० नाही, ४.६२५ धरायचे. हे सुटलंच होतं माझ्याकडून.

कर्ण मोजले. एक ५.८८ मीटर, दुसरा ५.८३. पाच सेंटिमीटरचा फरक. खोली गुण्यात नाही, एक टोक दुसऱ्यापेक्षा सव्वा इंच पुढे गेलंय. डोळ्यांना अजिबात दिसत नाही. खिडकीजवळ बसून फरश्यांच्या रेषा बघितल्या तेव्हा दिसलं: शेवटची रांग एका टोकाला अख्खी आणि दुसऱ्या टोकाला पाचरीसारखी कापलेली. गवंड्याला ते त्या वेळीच कळलं होतं, त्याने गुपचूप निस्तरलं.

दाराखाली फट मोजायला पट्टी जाईना. घडी घातलेला पुठ्ठा सरकवला, तो झाडू ठेवतात त्या बाजूला जेमतेम गेला. सहा मिलिमीटर असेल. कार्पेट आठचं, खाली फेल्ट घातलं तर आणखी वर. दार उतरवून खालून रंधा मारावा लागणार. सुतार आहे का कोणाच्या ओळखीचा?

नंदूकाका, बुधवार

सुतार मी बघतो. रंधा मारायचा तर पावसाळा संपल्यावर. आत्ता दार फुगलंय, आत्ता मारलास तर दिवाळीला खालनं मांजर जाईल.

खोली गुण्यात न्हाई म्हणजे काय? आप्पासाहेबांच्या वडिलांनी उभं राहून बांधून घेतलंय घर. पन्नास वर्षं कोणाच्या ध्यानात आलं न्हाई, आता तुझ्या टेपला आलं होय.

शैला, बुधवार

घासणाऱ्या माणसावरून आठवलं, आमच्या मंगळवार पेठेतल्या घरी मोझॅक घासलं तेव्हा मी तीन दिवस मावशीकडे होते आणि तिथे पहिल्यांदा पांढरा रस्सा नीट खाल्ला. घरी आई फक्त तांबडा करायची.

कार्पेट सिंथेटिक असेल तर गणपतीला तिथे निरांजन, धूप काही लावायचं नाही असं आधीच ठरवा. केशवराव भोसले नाट्यगृह ८ ऑगस्ट २०२४ ला जळालं ती रात्र मी फोनवर बघत बसले होते. दुसऱ्या दिवशी केशवरावांची जयंती. अजून ते धुराचे फोटो उघडवत नाहीत.

अजित, बुधवार

शैला, पॉलिप्रॉपिलीन पेटायच्या आधी वितळतं. अगरबत्तीचा निखारा पडला तर काळा चट्टा पडेल एवढंच. लोकर घेतली तर तेही कमी, पण लोकरीचं बजेट विद्या देणार नाही.

नाट्यगृहाचं मात्र खरं. १९१५ साली शाहू महाराजांनी बांधलेलं. आम्ही शाळेतून शिस्तीत रांगेने जायचो, बाहेर खासबागला कुस्ती असली की रांग मोडायची.

विद्या, बुधवार

मंडळी, कृपया मापावर या. १८८ मंजूर आहेत. खोली १८८ पेक्षा लहान निघाली हे आता कळलंय, मग बिल कमी यायला हवं. दुकानाने मिलिंदला फोनवर २०४ चा आकडा दिलाय. खोली लहान झाली आणि बिल वाढलं, हे मी सभेत कसं सांगू?

प्रशांत, बुधवार

विद्या, कार्पेट खोलीच्या क्षेत्रफळावर विकत मिळत नाही, पन्ह्यावर मिळतं. पन्हा दुकानाचा, लांबी आपली. साडीचं ब्लाऊजपीस घेतेस तसंच.

खोली १६.८७५ चौरस मीटर, म्हणजे १८२ चौरस फुटांच्या आत. करडा घेतला तर पन्हा ४ मीटर आणि लांबी ४.६२५. त्यात कापाकापीला १० सेंटिमीटर मिळवा, ती या गुण्यात नसलेल्या भिंतीला लागणारच. दुकानदार ४.७५ कापेल. ४ गुणिले ४.७५, झाले १९ चौरस मीटर, साधारण २०४.५ चौरस फूट. अंगाला २५ सेंटिमीटरची पट्टी उरेल, ती दारातल्या पायपुसण्याला वापरा.

आता मरून. ३.६६ चा पन्हा ३.७५ च्या खोलीत टाकला तर नऊ सेंटिमीटर कमी. लांबीभर नऊ सेंटिमीटरची चिंधी जोडायची तर तिची लव त्याच दिशेने हवी, नाहीतर एकाच रोलचे दोन रंग दिसतात. मखमलीवर उलटा हात फिरवला की कशी गडद पट्टी उमटते, तसं. त्यासाठी आणखी पावणेपाच मीटर रोल कापा नाहीतर तुकडे तुकडे लावा. आडवं टाकायचं म्हटलं तर ३.८५ चे दोन तुकडे, ७.७० मीटर, ३०३ चौरस फूट. १८२ च्या खोलीला ३०३. आणि जोड तबलजीच्या मांडीखाली.

‘दिसणारबी न्हाई’ हे जोड देणारा नेहमीच म्हणतो. बिघडतो तो झाडूने आणि पायांच्या अंगठ्यांनी.

नंदूकाका, बुधवार

सरळ बोला की, दोन ब्रास (दोनशे चौरस फूट) आणि वर थोडं. मीटर-सेंटिमीटर करून माणसाला येडं करताय.

सुलभाकाकू, गुरुवार

तबला घुमतो आणि वरचे भाडेकरू कुरकुर करतात म्हणून हे सगळं, असं मला आज शैलाने फोनवर सांगितलं. खाँसाहेब अल्लादियाखाँ ज्या गावात दरबारगायक होते त्या गावातली मी. गाण्याला कार्पेट लागतं हे मला इंग्लंडात जाईपर्यंत माहीत नव्हतं. जाड जाजम, त्यावर गादी, त्यावर पांढरी चादर. पडदे लावा जाड.

आणि एक. दक्षिणेकडच्या कोपऱ्यात जुलैत हात लावून बघा. तिथे आम्ही कधी ट्रंक ठेवली नाही.

प्रशांत, गुरुवार

हा शेवटचा मुद्दा सगळ्यांत मोठा आणि तो तिसऱ्या दिवशी आला. मिलिंद, आज एक कर. दीड फूट चौरस प्लास्टिक घे, त्या कोपऱ्यात फरशीवर पसर, चारही कडा चिकटपट्टीने पक्क्या बंद कर आणि रात्रभर ठेव. एक तुकडा खिडकीजवळही लाव. सकाळी आतून थेंब दिसले तर खाली ओल आहे. ओलीवर फेल्ट आणि वर कार्पेट म्हणजे कुबट वास, आणि चिकटवलं असेल तर गोंदही सुटतो. दुकानदाराला आज काही कापू देऊ नकोस.

मिलिंद, शुक्रवार सकाळ

खिडकीजवळचं प्लास्टिक कोरडं. कोपऱ्यातल्या प्लास्टिकच्या आत घामासारखे बारीक थेंब, आणि खालच्या दोन फरश्या शेजारच्यांपेक्षा गडद. काकूंची ट्रंक बरोबर होती.

दुकानात जाऊन सांगून आलो. करडा, चार मीटरी, ४.७५ लांबी, पण कापायचा दिवाळीनंतर. चिकटवायचा नाही, खिळेही नाहीत, सुटा टाकायचा म्हणजे उचलून वाळवता येईल. तोवर दोन टेपांनी मोजून खात्री करा असं तो स्वतःच म्हणाला. मरूनचा विषय निघाल्यावर जरा हिरमुसला.

गणपतीला जाजम. कोणाकडे आहे?

विद्या, शुक्रवार

२०४.५ मंजूर. वरचे साडेसोळा कुठून आले ते प्रशांतच सभेत सांगेल. पायपुसण्यासकट.

अजित, शुक्रवार

करडा मळखाऊ आहे, पण उदास दिसतो. नोंद म्हणून लिहून ठेवतोय.

नंदूकाका, शुक्रवार दुपार

जाजम माझ्याकडं हाय, उन्हात टाकून देतो, ऊन पडलं तर. किल्ली मिळाली.

किल्ली आलीच होती म्हणून जाऊन मी पण मोजून आलो. टेप नवा घेतला, हुक ह्याचंबी हलतंय. रुंदी १२ फूट ३ इंच ५ सूत. लांबी दाराची खाच सोडून १४ फूट ९ इंच १ सूत. मी साडेबारा म्हणालो होतो, त्याच्यापासनं फार लांब न्हाई.