मदत हवी आहे: एसटीपीचं (सांडपाणी शुद्धीकरण प्लांटचं) पाणी फ्लशला घेतलंय, क्लोरीन टाकूनही वास येतो (कोल्हापूर)

कळंबा_रोड_४२

सोसायटीत ४२ फ्लॅट, साधारण १८० माणसं. उन्हाळ्यात महिन्याला टँकरवर बराच पैसा जातो, म्हणून मार्चपासून एसटीपीचं पाणी फ्लश आणि बागेला वळवलं. प्लांट एमबीबीआर (हवा दिलेल्या टाकीत प्लास्टिकच्या तुकड्यांवर जिवाणू वाढवतात), रोजचं सांडपाणी २० हजार लिटरच्या आसपास. क्रम असा: जाळी, ग्रीस ट्रॅप, इक्वलायझेशन टाकी (सांडपाणी साठवून प्रवाह सारखा करणारी), एमबीबीआर, ट्यूब सेटलर (गाळ खाली बसवणारा), फिल्टर फीड टाकी, सँड फिल्टर, कार्बन फिल्टर, १० हजार लिटरची टाकी, तिथून गच्ची.

तक्रारी: सकाळच्या पहिल्या फ्लशला कुजका वास, कमोडमध्ये पिवळसर पाणी. ऑपरेटर रोज २ लिटर हायपो (सोडियम हायपोक्लोराइट, क्लोरीनचं द्रावण) ओततो, तरी गच्चीवरच्या टाकीत ओटीओ (क्लोरीन असेल तर पिवळं होणारं रसायन) टाकलं की पाणी तसंच, पिवळा रंग येतच नाही. लॅबचा रिपोर्ट: बीओडी (सडणाऱ्या घाणीचं माप) लिटरला १४ मिलिग्रॅम, अमोनिया नायट्रोजन १८ मिलिग्रॅम, फीकल कोलिफॉर्म (विष्ठेतले जंतू) आहेत. निम्म्या लोकांनी व्हॉल्व्ह बंद करून पुन्हा गोडं पाणी सुरू केलंय. हायपो वाढवू का?

गाळ_आणि_हवा

थांबा, हायपो वाढवू नका. आधी दोन गोष्टी सांगा. हायपो नक्की कुठल्या टाकीत ओतता? आणि ब्लोअर (टाकीत हवा सोडणारं यंत्र) दिवसाला किती तास चालतो?

कळंबा_रोड_४२

हायपो फिल्टर फीड टाकीत. ब्लोअर सकाळी ६ ते रात्री ८, रात्री बंद. वीजबिलामुळे कमिटीने तसं ठरवलंय.

गाळ_आणि_हवा

मग दोन्ही उत्तरं इथंच आली की.

पहिलं, क्लोरीन. तुम्ही तो कार्बनच्या आधी घालताय. कार्बन फिल्टर क्लोरीन खातोच, पिण्याच्या पाण्यातून क्लोरीन काढायलाही हाच वापरतात. २ लिटर ओता नाहीतर ५, पलीकडं शून्यच. डोसिंग कार्बनच्या नंतर, टाकीत जाणाऱ्या पाइपवर घ्या. छोटा डोसिंग पंप बसवा आणि तो फिल्टर फीड पंपासोबतच चालू-बंद होईल असा जोडा.

हिशोब: फिल्टर तासाला ४ हजार लिटर काढत असेल आणि डोस लिटरला ५ मिलिग्रॅम धरला, तर तासाला २० ग्रॅम क्लोरीन. १० टक्क्यांचा हायपो असेल तर २०० मिलि. तो एकास नऊ पाण्यात पातळ करून तासाला २ लिटर सोडा. फ्लश माणशी ४५ लिटर धरला तर ८ हजार, बाग २ हजार. म्हणजे फिल्टर अडीच तास, हायपो दिवसाला अर्धा लिटर. आज चौपट ओतताय. कॅन उन्हात ठेवला तर १० टक्क्यांचा हायपो १० टक्क्यांचा राहत नाही, महिन्याभराचाच साठा घ्या. आणि संडास धुवायचं ॲसिड त्याच खोलीत ठेवू नका. दोन्ही एकत्र सांडले तर क्लोरीन वायू सुटतो.

दुसरं आणि खरं दुखणं अमोनिया. १८ असताना क्लोरीन त्याच्याशी जुळून क्लोरामाइन होतो, जंतू मारायची ताकद खूपच कमी होते. अमोनिया पूर्ण जाळायचा तर त्याच्या निदान ८ पट क्लोरीन लागतो. १० हजार लिटरला दीड किलोच्या आसपास, म्हणजे रोज १४ लिटर हायपो! ते काम जिवाणूंकडूनच करून घ्यायचं. एक ग्रॅम अमोनिया नायट्रोजनला ४.६ ग्रॅम ऑक्सिजन लागतो, आणि तुम्ही रात्री १० तास हवाच तोडताय. इक्वलायझेशन टाकी आणि सेटलरच्या तळाचा गाळ तेवढ्या वेळात सडतो, तोच तुमचा सकाळचा वास.

ब्लोअर २४ तास ठेवा, दोन असतील तर आलटून-पालटून. एमबीबीआरमध्ये विरघळलेला ऑक्सिजन लिटरला ३ मिलिग्रॅमच्या आसपास हवा. वीज वाचवायची तर व्हीएफडी (मोटरचा वेग कमी-जास्त करणारं यंत्र) लावा, पण साधारण ३५ हर्ट्झच्या खाली नेऊ नका, ब्लोअर तापतो. सेटलरचा गाळ रोज काढा. नायट्रिफिकेशनचे (अमोनियाचं नायट्रेट करणारे) जिवाणू हळू वाढतात, दोन-तीन आठवडे फरक दिसला नाही तरी धीर धरा. पीएच ७ च्या खाली घसरत असेल तर खाण्याचा सोडा घाला, ही प्रक्रिया अल्कलिनिटी (पाण्याची आम्ल पचवायची ताकद) खाते.

ग्रीस ट्रॅपही बघा. आपल्याकडं रविवारचा रस्सा झाला की सोमवारी त्यावर बोटभर तवंग असतो. तो आत गेला की मीडियावर (जिवाणूंच्या प्लास्टिक तुकड्यांवर) चिकटतो.

पिवळेपणा बहुधा कार्बन संपल्यामुळं. बॅकवॉशनं (उलट्या दिशेनं पाणी सोडून धुतल्यानं) कचरा निघतो, कार्बन ताजा होत नाही. तो बदलावाच लागेल.

जोडणी_तपासा

वरचं सगळं बरोबर, पण मला जास्त भीती नळजोडणीची वाटते. गच्चीवर फ्लश लाइनचा व्हॉल्व्ह बंद करा, सगळे फ्लश रिकामे करा आणि प्रत्येक फ्लॅटमध्ये जेट स्प्रे उघडून बघा. बंद पडला तर तो फ्लशच्या लाइनवर जोडलाय. प्लंबर कमोडच्या अँगल कॉकवरून सर्रास टी (तीन तोंडांचा जोड) काढतात. जेटचं पाणी अंगाला लागतं, हाताला लागतं, तिथं गोडंच पाणी हवं. मग उलटं करा: गोडं पाणी बंद, फ्लश चालू, आणि एकाही बेसिनला, किचनला थेंब यायला नको. शेवटी फ्लशच्या टाकीत खाण्याचा रंग टाकून खात्री करा.

ज्यांनी व्हॉल्व्ह फिरवून गोडं पाणी सुरू केलंय, तिथं दोन्ही लाइन एका टीवर आहेत ना? तो टी काढून टाका. एक व्हॉल्व्ह गळला आणि महापालिकेचं पाणी आलं नाही, तर फ्लशचं पाणी पिण्याच्या टाकीत उतरेल. इचलकरंजीत २०१२ मध्ये काविळीची केवढी साथ आली होती, आठवतंय ना. पर्यायी पाणी द्यायचंच तर गच्चीवरच्या फ्लश टाकीत वरून सोडा, पाइपचं तोंड ओव्हरफ्लोच्या पातळीपेक्षा पाइपच्या व्यासाच्या दुप्पट वर ठेवून.

कळंबा_रोड_४२

टी ४२ च्या ४२ फ्लॅटमध्ये आहे. उद्यापासून काढायला घेतो. तोपर्यंत फ्लश बंद ठेवू? बागेचं काय?

जोडणी_तपासा

फ्लश बंदच ठेवा. बागेला ठिबकने द्या, स्प्रिंकलर नको, तुषार श्वासात जातात. कोथिंबीर-पुदिन्याच्या कुंड्यांना अजिबात नको.

गाळ_आणि_हवा

पुन्हा सुरू करायच्या आधी सगळ्यात लांबच्या फ्लॅटमधून नमुना घ्या. क्लोरीन लिटरला १ मिलिग्रॅम, गढूळपणा २ एनटीयूच्या (गढूळपणाचं एकक) आत, बीओडी १० च्या आत, १०० मिलित फीकल कोलिफॉर्म शून्य. लॅबकडून थायोसल्फेट (क्लोरीन निष्प्रभ करणारं रसायन) घातलेली निर्जंतुक बाटली मागा, नाहीतर वाटेत क्लोरीन जंतू मारत राहतो आणि रिपोर्ट खोटा चांगला येतो. मोकळा (अमोनियाशी न जुळलेला) क्लोरीन मोजायला डीपीडी किट घ्या. ओटीओ क्लोरामाइनलाही पिवळा होतो, त्यामुळं तुमच्या अमोनियात तो फसवेल.