सेतूचा वायफाय गावभर झाला, मॅक फिल्टर लावूनही पोट्टे आतच

वरूडचा सेतूवाला:
राजेहो, वरूड तालुक्यातल्या गावात माझं आपले सरकार सेवा केंद्र हाय. दोन कॉम्प्युटर, प्रिंटर अन् कॅमेऱ्याचा डीव्हीआर म्हणजे रेकॉर्डिंगचा डब्बा, सगळं एकाच राउटरवर. कोण्या पोट्ट्यानं पासवर्ड घेतला अन् क्यूआर दाखवून सगळ्यायले वाटला. आता समोरच्या पारावर टोळी बसून रील पाहून रायली. पीकविम्याची शेवटची तारीख आली की साइट तशीच रडते, त्यात हे. राउटरच्या मॅक फिल्टरमध्ये (मॅक म्हणजे फोनचा नेटवर्कवरचा ओळख क्रमांक) त्यायचे फोन ब्लॉक केले, थोडा वेळ शांत, मंग तेच फोन पुन्हा आत. काहून होते असं? अन् सरपंचाचा पोरगा त्यातच हाय, तोंडावर नाही म्हणता येत नाही.

दारव्ह्याचा केबलवाला:
भाऊ, हे काही हॅकिंग नव्हे. अँड्रॉइड १० (२०१९) अन् आयओएस १४ (२०२०) पासून फोन आपणहून वायफायले आपला खरा मॅक देत नाही, बनावट देते. पोट्ट्यानं सेटिंगमध्ये 'फोनचा मॅक' की 'रँडम मॅक' एवढं बदललं की राउटरले तोच फोन नवा वाटते. नुसते ठरलेलेच मॅक आत घेतो म्हणाल, तर मॅक हवेतून उघडाच जाते, ज्याले जमते तो नक्कल करते. म्हणून त्या फिल्टरच्या नादी लागू नका.

माझं मत विचाराल तर कामाच्या मशीनले वायफाय द्याच कशाले? दोन्ही कॉम्प्युटर तारेवर घ्या. लॅनची तार १०० मीटरपर्यंत चालते, तुमचं केंद्र केवढं असन! मंग वायफायचा पासवर्ड बदला, डब्लूपीएस, म्हणजे पासवर्ड न टाकता बटण नाहीतर पिननं जोडायची सोय, बंद करा. त्याची आठ आकडी पिन राउटर दोन तुकड्यांत तपासते, शेवटचा आकडा नुसता पडताळणीचा, म्हणून जेमतेम ११ हजार प्रयत्नांत सापडू शकते. पोट्ट्यांसाठी गेस्ट नेटवर्क काढा, त्यातून लोकल नेटवर्क दिसू देऊ नका, स्पीड बांधून टाका. सरपंचाच्या पोराले त्या गेस्टचाच पासवर्ड द्या, बाप खूश, पोरगा खूश.

नागपूरची सिस्टिमवाली:
दादा, मला रीलपेक्षा डीव्हीआरची काळजी वाटते. २०१६ मध्ये मिराई नावाच्या व्हायरसनं असेच कॅमेरे, डीव्हीआर अन् राउटर पकडले होते. साठेक फॅक्टरी पासवर्ड त्याच्याजवळ होते, ते टेलनेटवर, म्हणजे दुरून लॉगिन करायच्या जुन्या वाटेवर, एकेक लावून पाहायचा अन् लागला की आत. त्याच वर्षी २१ ऑक्टोबरला पकडलेल्या यंत्रांच्या ह्या फौजेनं डाइन (Dyn) ह्या वेबसाइटचे पत्ते शोधून देणाऱ्या कंपनीवर मारा केला अन् ट्विटर, नेटफ्लिक्स तासन्‌तास अडले. तुमच्या डीव्हीआरचा पासवर्ड कोणता आहे, बघा. मोबाईलवर कॅमेरा दिसावा म्हणून राउटरमध्ये पोर्ट फॉरवर्ड केलं असेल, म्हणजे बाहेरच्या इंटरनेटवरून थेट आत यायला भोक ठेवलं असेल, तर काढा. राउटरमध्ये यूपीएनपी नावाची सोय चालू असेल तर डीव्हीआर ते भोक आपणच पाडून घेतो, तेही बंद करा. अन् लोकांच्या आधार, सातबाऱ्याच्या स्कॅनचा फोल्डर पासवर्डशिवाय शेअर केलेला असेल, तर वायफायवरचा कोणीही तो उघडून पाहू शकतो.

वरूडचा सेतूवाला:
ताई, डीव्हीआर पाहिला. कॅमेरे बसवणाऱ्यानं डब्ब्यावर स्टिकर चिकटवला हाय, 'अ‍ॅडमिन' अन् खाली एक ते सहा. तेही काउंटरच्या बाजूनं, रांगेतला कोणीबी वाचन! आत्ताच खरडून काढला. पासवर्ड बदलला, पोर्टही बंद केलं. पण प्रिंटरले लॅनचं भोकच नाही, त्याचं काय करू?

दारव्ह्याचा केबलवाला:
यूएसबीनं एका कॉम्प्युटरले लावा, दुसऱ्याले तिथूनच शेअर करा. फक्त प्रिंटर, फोल्डर नाही.